रुखमाबाईच्या हातचा मसाला

बोरी अरबच्या आठवडी बाजारात कापडवाल्यांची रांग जिथं संपायची, तिथं एका बाभळीच्या विरळ सावलीत रुखमाबाईचं गोणपाट अंथरलेलं असायचं. गोणपाटावर बावीस पुरचुंड्या, तोंडं उघडी करून गोल मांडलेल्या. धने आणि जिरे पुढं, कारण ते सगळ्यांनाच लागतात. मग खसखस, तीळ, मिरी, लवंग. मागच्या बाजूला गिऱ्हाईक कमी असलेली मंडळी: दगडफूल, नागकेसर, जायपत्री, बाद्यान म्हणजे चक्रफूल. आणि अगदी तिच्या गुडघ्याला लागून झाकणाचा एक पत्र्याचा डबा. त्यात तिनं स्वतः भाजलेला, स्वतः कुटलेला काळा मसाला असे.

दुपार होईतो पुरचुंड्या अर्ध्या व्हायच्या. डबा मात्र सकाळी जितका भरलेला असे, जवळपास तितकाच भरलेला घरी जाई.

त्याचं कारण सगळ्यांना ठाऊक होतं आणि कोणी बोलून दाखवत नव्हतं. अख्खा, कोरडा दाणा कोणाच्याही हातचा चालायचा. तो घरी नेऊन निवडता यायचा, उन्हात टाकता यायचा. पण एकदा तो तव्यावर चढला आणि उखळात पडला, की तो रांधलेल्या अन्नासारखा झाला. आणि रुखमाबाईच्या हातचं रांधलेलं गावातल्या शेतकऱ्यांच्या घरात जात नव्हतं. ही गोष्ट अठ्ठावन्न सालची. तिच्या वस्तीनं दीक्षा घेऊन दीड वर्ष उलटलं होतं. वस्तीतल्यांनी मेलेली ढोरं ओढणं सोडलं, गावकीची कामं सोडली, आणि त्याबरोबर सुगीला खळ्यावरून मिळणारं धान्यही सुटलं. रुखमाबाईचा नवरा श्रावण जिनात कापसाचे बोजे उचलायला जाऊ लागला. जिन वर्षातून पाचच महिने चालायचं. उरलेल्या सात महिन्यांसाठी रुखमाबाईनं हे गोणपाट अंथरलं.

मसालाच का, असं कोणी विचारलं तर ती म्हणायची, "मले दुसरं येतेच काय?"

हे मात्र खरं नव्हतं, तिला पुष्कळ येत होतं. पण मसाला तिला जसा येत होता, तसा त्या बाजारात कोणालाच येत नव्हता.

लहानपणी ती आईबरोबर दारव्ह्याला एका शेटजींच्या वखारीत निवडणीला जायची. वखारीच्या मागच्या अंगणात बायका सुपं घेऊन बसत आणि पोत्यांतून आलेला माल निवडत. पुढच्या दुकानातून मुनीम ओरडायचा, "जावंत्री भेज!" की निवडलेली जावंत्री पुढं जायची. एकदा मुनिमानं लवंग मागितली असता दहा वर्षांच्या रुखमानं नागकेसर भरून पाठवलं. दिसायला दोन्ही काळी, दोन्हींना देठ. मुनिमानं तिला सगळ्यांसमोर झापलं, आणि आईची अर्ध्या दिवसाची मजुरी कापली गेली. त्या दिवशी रुखमानं पदराच्या टोकाला एक लवंग आणि एक नागकेसर बांधून घेतलं. घरी परतताना चार मैलांच्या वाटेवर ती आळीपाळीनं दोन्ही हुंगत आली. दुसऱ्या दिवशी आणखी दोन जिन्नस. वर्षभरात वखारीतला एकही जिन्नस असा राहिला नाही की जो तिला डोळे मिटून ओळखता येत नव्हता.

त्याच अंगणाच्या पलीकडच्या कोपऱ्यात, पत्र्याच्या छपराखाली, शेटजींच्या घरचा स्वयंपाकी महाराज वर्षाचा मसाला भाजायचा. निवडणीच्या बायकांना तिकडं जायची मनाई होती. पण वास कोणाला अडवता येतो? रुखमा सूप हलवत दहा हात दूर बसायची आणि नाकानं शिकायची. धन्यांचा वास कधी गोड होतो, खोबरं कुठल्या क्षणी करपण्याच्या बेतात येतं, महाराज कढई खाली उतरवतो तेव्हा काय आत पडतं. विचारायची सोय नव्हती. ती नुसती लक्षात ठेवत गेली.

अक्षर तिला एकही येत नव्हतं. पण नावं गोळा करायची तिला एक ओढच होती. बाजारात नवं गिऱ्हाईक आलं की ती चिमूटभर जिन्नस त्याच्या तळहातावर ठेवायची आणि विचारायची, "तुमच्यात याले काय म्हनतात?" तांड्यावरच्या बंजारा बाया मिठाला लूण म्हणतात, मोहल्ल्यातल्या आपा बाद्यानला बादियान म्हणतात, शेटजी जायपत्रीला जावंत्री म्हणतात, हे सगळं तिच्या डोक्यात ज्याच्या त्याच्या तोंडासकट जागच्या जागी बसलेलं असायचं. कोणी मागितलं की तिचा हात बरोबर त्या पुरचुंडीवर जायचा.

एकोणसाठ साली शाळेवर पुण्याकडचे नवे मास्तर आले. त्यांची बायको पहिल्याच बाजारी यादी घेऊन हिंडत होती आणि कोणालाच तिचं बोलणं कळत नव्हतं.

"बडीशेप आहे का हो? आणि दालचिनी?"

शेजारचा कांदेवाला हसायला लागला. "शेपू त्या तिकडे हाय बाई, भाजीत. इथी कायले पाहून राह्यल्या?"

"गप रे," रुखमाबाई म्हणाली. "सोप मांगते ते. अन् दालचिनी म्हंजे आपली कलमी." तिनं दोन्ही काढून दिलं. "आनखी काय बाई?"

"कोथिंबीर."

"सांबार म्हना इथं. त्या हिरव्या लुगड्यावालीपाशी हाय, ताजा हाय. अन् बाई, तुमच्याकडे दगडफुलाले काय म्हनतात?"

"दगडफूलच म्हणतात."

"बरं झालं. एक नाव कमी," रुखमाबाई म्हणाली, आणि मास्तरीणबाईही हसल्या.

त्या मास्तरीणबाई पुढं दर बाजारी यायच्या. डब्याकडं त्याही पाहायच्या आणि पुरचुंड्यांतलं घेऊन जायच्या.

श्रावण म्हणायचा, "तो डबा कायले नेतं वं उगाच? वझं नुसतं."

"राहू द्या."

"कोनी घेत नाई न तुह्या हातचं."

"आज नाई घेतलं," ती म्हणायची.

वखारीत तिच्या बरोबरीनं निवडणी करणाऱ्या पाच-सहा जणी होत्या. मसाला करता येणारी ती एकटीच होती. दाणे विकणं म्हणजे तिला निवडणीचंच काम वाटायचं, फक्त अंगण बदललेलं. तिनं केलेल्या मसाल्यानं कोणाची तरी भाजी व्हावी आणि ती कोणाच्या हातची हे त्या घराला माहीत असावं, एवढंच तिला हवं होतं, आणि ते काही होत नव्हतं.

मग तांड्यावरच्या रामीबाईनं एक गंमत केली. कोपरापर्यंत पांढऱ्या बांगड्या आणि आरशांची काचोळी घातलेली ही बाई बाजारात सगळ्यांशी भांडायची आणि सगळ्यांना आवडायची. एका बाजारी तिनं जिन्नस घेतले आणि तिथंच बसकण मारली.

"रुखमा, तुझा तो लोखंडी खल दे. इथंच कुटते मी. तांड्यावर जाईपर्यंत कोन थांबते?"

खलबत्ता रुखमाबाईनं दाण्याचा कस दाखवायला ठेवला होता. रामीबाई कुटायला लागली आणि रुखमाबाई समोर बसून सांगायला लागली. "आधी मिरी. आता कलमी मोडून टाक. विलायची सालीसकट. खसखस आखरीले, नाई तं लगदा होईन." उन्हात कडकडीत वाळलेल्या कच्च्या मसाल्याचा वास कापडवाल्यांपर्यंत गेला. चार बाया जमल्या. पुढच्या बाजारी दोघींनी खल मागितला. कुटणारा हात आपलाच, मग हरकत कसली? आणि लोखंडाला काही होत नाही, असं बायकांनी आपापसात ठरवून टाकलं.

धंदा वाढला. श्रावण म्हणाला, "झालं न तुह्या मनासारखं?"

"दाने विकून राह्यली मी अन् नावं सांगून राह्यली. मसाला कुठी विकला?" रुखमाबाई म्हणाली.

खल मागणाऱ्यांत सगळ्यात आघाडीवर होत्या वच्छलाबाई. विठ्ठलराव पाटलांच्या घरच्या. कापूस-तुरीची मोठी शेती, घरात रोज पंधरा-वीस पानं, आणि पंचक्रोशीत हाताला चव असल्याचं नाव. त्या यायच्या, दणादण कुटायच्या, आणि तोंडही तितकंच चालायचं.

"काय वं रुखमे, तुह्या दगडफुलात दगडच जास्त दिसून राह्यले."

"दगड काढले बाई. फूल ठेवलं. तुम्ही चष्मा लावत जा."

"आली मोठी!"

एकदा वच्छलाबाईंनी तिची परीक्षाच घेतली. रुखमाबाईला डोळे मिटायला लावले आणि तळहातावर एकेक चिमूट टाकत गेल्या. भोवती बाया गोळा झाल्या. रुखमाबाई हुंगायची आणि सांगायची. "शहाजिरं. हे बाद्यान. ही जायपत्री, मोडकी हाय, तळाची उचलली तुम्ही." शेवटी वच्छलाबाईंनी कनवटीची एक पुडी सोडली आणि घरी केलेल्या काळ्या मसाल्याची चिमूट टाकली. रुखमाबाई जरा थांबली. मग तिनं आत काय काय आहे ते ओळीनं सांगितलं, चौदा जिन्नस, आणि पुढं म्हणाली, "धने मागच्या सालचे हायेत. तीळ कढईले लागले. अन् दगडफूल मिरच्यांसंग भाजलं तुम्ही."

बाया वच्छलाबाईंकडं पाहायला लागल्या. वच्छलाबाईंचे गाल लाल झाले. "मंग कसं भाजाव?"

"ते सांगून येत नाई बाई. पाहून येते."

आता कोणी कोणाच्या चुलीपाशी जाऊन पाहायचं? वच्छलाबाईंनी बत्ता उचलला आणि जोरानं कुटायला लागल्या. तो विषय तिथंच राहिला.

त्रेसष्टच्या वैशाखात वच्छलाबाईंच्या थोरल्या लेकीचं लग्न निघालं. शुक्रवारचा मुहूर्त, पाचशे पान. वांगं-आलूच्या रस्सेदार भाजीसाठी चार शेर काळा मसाला लागणार होता. जिन्नस अर्थातच रुखमाबाईकडून गेले. घरात जावा, नणंदा, मावशा जमलेल्या. एरवी वच्छलाबाई स्वतः थोडं थोडं भाजत. या वेळी मंडप, आहेर, मानपान यांत त्या गुंतल्या, आणि जावांनी मोठी कढई चढवून सगळंच एकदम भाजून काढलं. दगडफूल मिरच्यांबरोबर तेलात पार काळंठिक्कर पडलं. कुटूनही झालं. मंगळवारी संध्याकाळी घरच्या माणसांसाठी त्या मसाल्याची भाजी केली, आणि पहिल्याच घासाला विठ्ठलरावांनी ताट बाजूला सारलं. जहर कडू.

बुधवारी सकाळी दारव्ह्याला माणूस धाडून तयार मसाला आणवला. लग्नाच्या आचाऱ्यानं तो हुंगला आणि ठेवून दिला. "यात भुसाच हाय मायबाई. मी हात लावत नाई."

बुधवारी भर दुपारी वच्छलाबाई बौद्ध वस्तीत आल्या. पाटलांच्या घरची बाई तिथं याआधी कधी आली नव्हती. डोक्यावर पदर घट्ट ओढून त्या रुखमाबाईच्या अंगणात, निंबाखाली उभ्या राहिल्या. रुखमाबाईनं बाज पुढं केली. त्या बसल्या नाहीत.

"मसाला कडू झाला रुखमे. पूरा चार शेर. परवा लगन हाय. सांग मले, दगडफूल कसं भाजतात. तू म्हनशीन तसं करते."

पाच वर्षांत ज्यानं जे विचारलं ते रुखमाबाईनं सांगितलं होतं. नाव सांगायला तिनं कधी कोणाला अडवलं नव्हतं. आताही सांगणं तिच्या ओठांवर आलं होतं. ते तिनं मागं घेतलं.

"मी करून देते बाई. मी भाजीन, मीच कुटीन."

"आमच्या घरी येऊन?"

"नाई. इथी. माह्या चुलीवर."

वच्छलाबाई तिच्या तोंडाकडं पाहतच राहिल्या. "तुले समजून राह्यलं का काय बोलून राह्यली ते? पाचशे मानूस जेवन माह्या घरी. सोयरे काय म्हनतीन?"

"ते मले नाई मालूम. कडू भाजीले काय म्हनतीन, ते तुम्हाले मालूम हाय."

"अडून पाहून राह्यली का मले? लेकीच्या लग्नात?"

रुखमाबाईला ते लागलं. पण ती म्हणाली, "पाच सालापासून तो डबा तुमच्या नजरेसमोर हाय बाई. तुम्ही एक डाव झाकन उघडून नाई पाह्यलं."

वच्छलाबाई वळल्या आणि निघून गेल्या.

श्रावण ओसरीवरून सगळं ऐकत होता. "बरं नाई केलं," तो म्हणाला. "लोकाची पोरगी हाय ते. तिचं काय चुकलं?"

"काही नाई चुकलं."

"मंग सांगून देतं न."

त्या पोरीला रुखमाबाईनं लहानपणापासून पाहिलेलं होतं. आईचं बोट धरून बाजारात यायची आणि विलायची मागून घ्यायची. तिच्या मांडवात लोक ताटं सारून उठले तर? रुखमाबाईनं रात्री काही खाल्लं नाही. तिनं मनाशी ठरवलं, सकाळी जाऊन दारातून सांगून यायचं आणि परत यायचं. डबा काय, पाच वर्षं वाहिला, आणखी पाच वर्षं वाहता येईल.

पण गुरुवारी उन्हं अंगणात यायच्या आत दारात बैलांचं खासर उभं राहिलं. वच्छलाबाई उतरल्या. मागून गड्यानं जिन्नसांचं पोतं आणि सुक्या खोबऱ्याच्या वाट्यांची टोपली उतरवली. या वेळी त्या बाजेवर बसल्या, चांगल्या मांडी घालून.

"कर," त्या म्हणाल्या. "पन मी पाह्यत बसीन."

"पाहा न. पाह्याले कोनं मनाई केली?"

दिवसभर ते काम चाललं. रुखमाबाईनं एकेक जिन्नस वेगळा भाजला. कोणाला तेलाचं बोट, कोणाला नुसती ऊब. खोबरं तिनं तांबूस झालं तरी काढलं नाही. वच्छलाबाई "करपलं, करपलं" म्हणून बाजेवरून अर्ध्या उठल्या, तरी काढलं नाही, आणि मग एका क्षणी झटकन उतरवलं. शेवटी कढई चुलीवरून खाली घेतली, विस्तवापासून दूर ठेवली, आणि तेव्हा कुठं त्या तापलेल्या लोखंडात दगडफूल टाकून दोनदा परतलं.

"बस? एवढंच?" वच्छलाबाई म्हणाल्या.

"एवढंच."

श्रावण आणि ती दोघं मिळून उखळात कुटत राहिली. चाळून झाल्यावर रुखमाबाईनं चिमूटभर मसाला स्वतःच्या तळहातावर घेतला आणि तो तळहात वच्छलाबाईंसमोर धरला. मसाला पारखायचा तर जिभेवरच पारखावा लागतो. एवढं स्वयंपाक करणाऱ्या बाईला सांगावं लागत नाही. वच्छलाबाई क्षणभर त्या हाताकडं पाहत राहिल्या. मग त्यांनी दोन बोटांनी चिमूट उचलली आणि जिभेवर ठेवली. डोळे मिटले. चव तोंडात घोळवली.

"मीठ नाई टाकलं," शेवटी त्या म्हणाल्या.

"मसाल्यात मीठ कोन टाकते बाई?"

"मी टाकते. टिकते."

"मंग तुमचं तुम्ही टाका."

गडी डबे उचलायला पुढं झाला. रुखमाबाई म्हणाली, "मी आनते." तिनं मोठा डबा डोक्यावर घेतला आणि पाटलांच्या घरापर्यंत, वेशीतून, मारुतीच्या पाराजवळून, दिवसाउजेडी चालत गेली. मागून खासरात वच्छलाबाई. मंडपाच्या तोंडाशी नणंदा उभ्या होत्या. त्यांच्यातली एक पुढं येऊन म्हणाली, "मागच्या दारी ठेवाले सांग तिले वैनी."

रुखमाबाई थांबली. डोक्यावरच्या डब्याचं वजन आता तिला जाणवायला लागलं.

वच्छलाबाई खासरातून उतरल्या. "काहून? आचारी पुढं बसला हाय का मागं?" त्या नणंदेला म्हणाल्या. आणि मग मंडपात भांडी मोजत बसलेल्या आचाऱ्याला हाक मारून, सगळ्यांना ऐकू जाईल अशा त्यांच्या नेहमीच्या आवाजात म्हणाल्या, "महाराज, हा मसाला घ्या. आपल्या बोरीच्या रुखमाबाईनं केला, तिच्या घरी. हुंगून पाहा अन् मंग बोला."

आचाऱ्यानं हुंगला. "हा चालते," तो म्हणाला, आणि डबा आपल्याजवळ सरकवून घेतला.

लग्नात पाचशेची सहाशे पानं झाली. नणंदेच्या सासरची चार-पाच माणसं भाजी न घेता वरण-पोळी खाऊन उठली, तेही रुखमाबाईच्या कानावर आलं. पण वाढपी म्हणत होते, भाजीचं भांडं पुन्हा पुन्हा चढवावं लागलं.

त्यानंतरच्या बाजारी वच्छलाबाई नेहमीच्या वेळेला आल्या. पुरचुंड्यांकडं त्यांनी पाहिलंच नाही.

"डब्यातला दे, अर्धा शेर. अन् सांगून ठेवते, लग्नात खोबरं कमी पडलं होतं."

"खोबरं तुमच्याच घरचं होतं बाई."

भोवतीच्या बाया हसल्या. त्यांतल्या दोघींनी मग पावशेर पावशेर मागितला. तिसरी म्हणाली, "पाह्यते, पुढच्या बाजारी." बाकीच्या दाणे घेऊन गेल्या, काही घरांनी तर पुढंही कित्येक वर्षं दाणेच घेतले. मास्तरीणबाई त्या दिवशी उशिरा आल्या, डब्यात वाकून पाहिलं, आणि त्यांनीही थोडा बांधून घेतला.

"पुढच्या खेपेस खोबरं मी घेईन," रुखमाबाई वच्छलाबाईंना म्हणाली. "चांगलं, तेलाचं."

"मंग भाव वाढवशीन."

"वाढवीन न," ती म्हणाली, आणि तिनं तराजू उचलला.